केनिया पर्वत, प्रमाण एकास दोन हजार

१४ सप्टेंबर २००८, शारजा

नवी वही सुरू करतोय, तर आधी माझ्या हातांनी काय काय केलं ते लिहून ठेवतो. कणकवलीला असताना लाकडी बैलगाडी, आऱ्या बसवलेल्या चाकांची. ती अजून थोरल्या भावाकडे दारामागे आहे. थर्माकोलची मखरं, पुष्कळ. मुंबईत एका आर्किटेक्टकडे शिपाई होतो तेव्हा त्याच्या मॉडेलची मोडलेली गच्ची कुणाला न विचारता दुरुस्त केली, त्यानंतर मी शिपाई राहिलो नाही. इकडे आल्यावर तीन मशिदी, एक बंदर (क्रेन फिरतात), छत उचलून आतले वॉर्ड बघता येणारं एक इस्पितळ, घोड्यांचा तबेला, आणि टॉवर. टॉवरांची गणती ठेवलेली नाही, त्यांत मजा नाही. घरासाठी शर्वाणीचा पाळणा, सागवानी, एकही खिळा नाही. सुलक्षणाचा मसाल्याचा डबा. त्याचं झाकण अजून घट्ट बसतं.

शिक्षण दहावी. मॉडेल करायचा कोर्स असतो आणि त्याला फी पडते हे मला धंद्यात पंधरा वर्षं काढल्यावर कळलं.

आज हे लिहायचं कारण म्हणजे पहिल्यांदाच इमारत नसलेलं काम आलंय. डोंगर. अल ऐनच्या रस्त्यावर वाळूत चार टॉवर उभे राहणार आहेत, त्यांच्या चेअरमनला विषुववृत्तावरच्या बर्फाचं वेड आहे. केनिया पर्वतावर ज्या हिमनद्या आहेत त्यांची नावं टॉवरांना देणार: लुईस, ग्रेगरी, टिंडॉल, डार्विन. सेल्स सेंटरच्या मधोमध तो पर्वत ठेवायचा, बर्फाला आतून दिवे. दोन मीटर बाय दीड मीटर. प्रमाण मी ठरवलं, एकास दोन हजार. उंची वाढवून दाखवायची नाही हेही मीच सांगितलं. बाकीचे लोक डोंगर दुप्पट उंच करतात, गिऱ्हाइकाला बरं वाटावं म्हणून. मी नकाशात नाही ते मॉडेलवर करत नाही.

त्यांच्याकडून दर्शन म्हणून ठाण्याचा मुलगा आला होता, सेल्स मॅनेजर. त्याच्याबरोबरच्या लेबनीज डिझायनरने माझं कार्ड वाचलं आणि विचारलं, मेस्त्री आलाय ते ठीक, कंपनीचा मालक कुठाय. दर्शनने त्याला सांगितलं की ते ह्यांचं आडनाव आहे. इथे तो हुद्दा वाटतो लोकांना. मला सवय आहे.

२३ सप्टेंबर

साठच्या दशकातल्या सर्वेक्षणाचा नकाशा मिळवला, मोठ्या प्रमाणाचा. दर दहा मीटरला समोच्चरेषा. म्हणजे पाच मिलिमीटरच्या एमडीएफच्या फळीचा एक थर म्हणजे एक रेषा. हिशोब इतका नेटका बसला की दिवसभर बरं वाटत होतं.

नावं कुणाची ते शोधत बसलो. लुईस हा अमेरिकन भूशास्त्रज्ञ, आफ्रिकेत पाऊल ठेवलेलं नाही. टिंडॉल, डार्विन, हाइम, फोरेल, कुणीच तिथे गेलेलं नाही. क्राफ हा मिशनरी, त्याने लांबून पाहिला. ग्रेगरी तेवढा स्वतः बर्फावर गेलेला. मग १८९९ साली इंग्रजांची मोहीम गेली, शिखर चढली. तिच्यात दोन वाटाडे होते, आल्प्समधले, सेझार ऑलिये आणि जोसेफ ब्रोशेरेल. बर्फात पायऱ्या खोदल्या त्यांनी. त्यांच्याही नावाच्या हिमनद्या आहेत, लहानशा. पण त्या ऑलिये आणि ब्रोशेरेल नाहीत. सेझार आणि जोसेफ. घरात बसलेल्यांना आडनाव आणि पायऱ्या खोदणाऱ्यांना पाळण्यातलं नाव. सामान वाहणाऱ्या हमालांना तर तेही नाही.

जेवताना हे सांगितलं तेव्हा माझा आवाज चढला असणार, कारण सुलक्षणा म्हणाली, "अहो, भात गार होतोय. शंभर वर्षं झाली त्याला."

शर्वाणी म्हणाली, "बाबा, बट यू ऑल्सो जस्ट से लियाकत. व्हॉट्स लियाकत अंकल्स सरनेम?"

मी म्हटलं, फाइलमध्ये बघावं लागेल. ती मोबाइलमध्ये बघत हसली. चौदाव्या वर्षी सगळंच विनोदी वाटतं.

फाइल बघितली. लियाकत अकरा वर्षं माझ्याकडे आहे, सहारनपूरचा, कोरीवकाम करणाऱ्यांच्या घरातला. पासपोर्टवर एकच नाव आहे, आडनावाची जागा कोरी. इथल्या फॉर्मात कोरी जागा चालत नाही, म्हणून सरकारी अर्ज टाइप करून देणाऱ्या टायपिंग सेंटरवाल्याने तेच नाव दोनदा मारलंय. लेबर कार्डवर तो लियाकत लियाकत आहे.

हे वेगळं. माझ्या वर्कशॉपमधला माणूस आहे तो, मोहीम नाही ही.

१९ ऑक्टोबर

थर कापून झाले. लियाकत आणि मी दोघेच आहोत ह्या कामावर, बाकीच्यांना टॉवरच्या जुन्या ऑर्डरींवर ठेवलंय. त्यातल्या दोन ऑर्डरी ह्या आठवड्यात थांबवल्या. फोनवर सगळे एकच शब्द वापरतायत, होल्ड. खलास कुणी म्हणत नाही.

दर्शन बघायला आला. त्याच्याबरोबर कागद होता, वरून आलेला.

"मेस्त्रीकाका, खाली पायथ्याशी थोडी पाइनची झाडं आणि एक छोटी केबल कार टाकायचीय."

"तिथे पाइन नाहीत."

"कस्टमरला झाडं आवडतात हो."

"मग कस्टमरला गुलमर्गला पाठव."

"काका, तुम्ही लावा, आम्ही म्हणू ती खजुराची आहेत. लांबून कुणाला कळतंय?"

लियाकत खाली बसून कड घासत होता, तो मान खाली घालून हसला. मी झाडं लावली नाहीत. दर्शन चहा पिऊन गेला. जाताना म्हणाला, "तुमच्यासारखी माणसं असतात म्हणून आमचे कागद वाढतात." पोरगा वाईट नाही.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

बर्फ ओतायला सुरुवात. रेझिन इथल्या गरमीत फार लवकर धरतं, फुगे आत राहतात. म्हणून लियाकत पहाटेची, फजरची नमाज झाली की सरळ वर्कशॉपला येतो आणि ऊन चढायच्या आत एक थर ओततो. पांढरा रंग किती घालायचा ते तो मोजत नाही. मी मोजून घालून बघितला, दूध दिसलं. त्याने काडीच्या टोकाने घातला, बर्फ दिसला. हे मला आवडलं नाही, पण लिहून ठेवतो.

भेगा मात्र माझ्या. मोडक्या हॅकसॉच्या पात्याने, नकाशावर जिथे आहेत तिथेच.

लुईस हातभर आहे. ग्रेगरी वितीएवढा. सेझार आणि जोसेफ बोटाएवढे. त्यांच्या खाली नकाशात एक पांढरा ठिपका आहे, मॉडेलवर नखाएवढा. त्याला नाव नाही. लियाकतने त्यावरही तितक्याच निगुतीने ओतलं, तीन थर.

मग कापडाला हात पुसत म्हणाला, "सर, ये जो बेनाम वाला है, ये मेरे खाते में डाल दो."

मी म्हटलं, काय?

"नाम की पट्टी तो आप सबकी बना रहे हैं. एक छोटी-सी और. बच्चों को फोटो भेजूँगा, कि देखो, तुम्हारे अब्बा का पहाड़ है."

"नक्शे में नहीं है."

"मज़ाक कर रहा हूँ, सर."

"मज़ाक में भी नहीं. कोई जानकार देखेगा तो पूरा मॉडेल झूठा बोलेगा."

तो बरं म्हणाला आणि ब्रश धुवायला गेला. ब्रश आधीच धुतलेले होते.

१४ डिसेंबर

सेल्स सेंटरला डिलिव्हरीची तारीख विचारायला गेलो. काचेवर आतून खाकी कागद लावलाय. आतल्या लॉबीत माझ्या मॉडेलसाठी केलेला ग्रॅनाइटचा कट्टा दिसतो, फटीतून. माप बरोबर आहे. वॉचमन म्हणाला, सब गया, साब. कुठे गया ते त्याला माहीत नाही.

दर्शनचा फोन बंद आहे. कंपनीच्या नंबरवर गाणं वाजतं आणि तुटतं.

वर्कशॉपला परत आलो आणि टिंडॉलच्या भेगा पुऱ्या केल्या. दुसरं काय करणार होतो.

१८ जानेवारी २००९

वर्कशॉपमधली बाकीची मुलं डिसेंबरातच गेली. लियाकतचा व्हिसा आज कॅन्सल केला. दोन महिने काम नाही, डोंगर सोडून, आणि डोंगराला गिऱ्हाईक नाही. टायपिंग सेंटरवर नंबर यायला उशीर लागला, सगळं शारजा तिथे बसलं होतं. काउंटरवरच्या मुलीने विचारलं, सरनेम? मी म्हटलं, लियाकत. नेम? लियाकत. तिने वर न बघता टाइप केलं.

तो माझ्या बाजूच्या खुर्चीवर होता. म्हणाला, "सर, गाँव में कुछ देख लूँगा. एक्सपोर्ट वाले हैं वहाँ, नक्काशी का काम रहता है."

मी म्हटलं, काम सुरू झालं की बोलावतो. इन्शाल्ला, असं तो म्हणाला. मीही म्हणालो.

२३ जानेवारी, शुक्रवार

त्याला एअरपोर्टवर सोडलं. सुलक्षणाने पुऱ्या आणि बटाट्याची सुकी भाजी दिली होती, डबा परत नको म्हणून आइसक्रीमच्या डब्यात. त्याचं सामान म्हणजे एक बॅग आणि दोरी बांधलेला एक खोका. हत्यारं माझ्या वर्कशॉपची होती, ती त्याने पुसून, तेल लावून, भिंतीवर आपापल्या जागी टांगून ठेवली. मी काल बघितलं. जागा बरोबर होत्या.

गेटपाशी त्याने हात पुढे केला. अंगठ्यावर रेझिन होतं, सुकलेलं. मी म्हटलं, एसीटोन से निकल जाएगा. तो म्हणाला, जी सर.

पार्किंगचं तिकीट मशीनने घेतलं नाही, दोनदा घालावं लागलं.

८ मार्च

सुलक्षणाने आज जेवण झाल्यावर टीव्ही बंद केला. तेव्हाच कळलं की काहीतरी ठरवलंय.

तिच्या क्लिनिकने निम्मे लोक कमी केले. तिला ठेवलंय, पण अर्ध्या पगारावर. शर्वाणीची शाळा महिनाअखेर संपते. पुण्याला तिच्या भावाच्या कोथरूडच्या घरात एक खोली रिकामी आहे.

"शर्वाणीची नववी तिकडे होऊ दे," ती म्हणाली. "तुमचं लायसन्स ऑक्टोबरपर्यंत आहे ना?"

लायसन्स आणि वर्कशॉपचं भाडं, दोन्ही ऑक्टोबरपर्यंत भरलेलं आहे. त्यानंतर नव्याने भरलं नाही तर वर्कशॉप बंद, माझा व्हिसा बंद, आणि माझ्या व्हिसावर असलेला त्या दोघींचाही. हे तिला माहीत आहे, मला बोलायला लावायचं होतं.

"मॉडेल विकलं गेलं तर?" मी विचारलं.

"विकलं गेलं तर आम्ही परत. मी कुठे नाही म्हणतेय? अहो, मला काय तिकडे भावजयीच्या स्वयंपाकघरात राहायची हौस आहे?" मग म्हणाली, "पण कुणीतरी घेईल असंच करा ते. झाडं म्हणतील तर झाडं लावा."

तिने टीव्ही परत लावला.

शर्वाणीला सांगितलं. ती म्हणाली, "ओके." मग खोलीत गेली आणि दार लावलं. दार जोरात लावलं नाही.

३ एप्रिल, शुक्रवार

गेल्या. मसाल्याचा डबा सुलक्षणाने हँडबॅगेत घेतला. सिक्युरिटीवाल्याने उघडायला लावला, झाकण त्याला उघडेना. तिने उघडून दाखवलं.

शर्वाणीने पलीकडून हात केला की नाही ते नीट दिसलं नाही. मध्ये एक मोठा ग्रुप होता.

२० मे, इंटरनॅशनल सिटी, दुबई

फ्लॅट सोडला. इथे एका खोलीत मी आणि दोन मल्याळी, अकाउंटंट आहेत, शांत. खिडकीतून ड्रॅगन मार्टचं, चिनी मालाच्या बाजाराचं, छत दिसतं. सकाळी वर्कशॉपला जातो, संध्याकाळी परत येतो. ऑफिसला जाणाऱ्या माणसासारखा.

कामाचा तपशील: खडकाचे रंग पुरे झाले. शिखरापाशी करडा, खाली तपकिरी, ओलसर ठिकाणी काळपट. दिव्यांचं वायरिंग झालं. लावून बघितलं. लुईस आतून उजळतो तेव्हा थर कळत नाहीत. एकसंध दिसतो.

काही वाटलं असं नाही. वायर तापत नाहीयेत ना ते बघितलं आणि बंद केलं.

इथल्या मराठी मंडळाच्या लोकांना फोटो पाठवले. सगळे सुंदर म्हणतात. एकाने विचारलं, हे काश्मीर का?

१२ जून

लियाकतला फोन केला. रेझिनच्या उरलेल्या ड्रमवरचं झाकण कुठे ठेवलंय ते विचारायचं होतं. त्याने लगेच सांगितलं, कंप्रेसरच्या मागे. होतं तिथे.

मागे आवाज फार होता. कुठायस विचारलं.

"मंडी में, सर. ठेला है, खरबूज़े का. सीज़न अच्छा है."

"और वो एक्सपोर्ट वाले?"

"उनका माल तो अमरीका जाता था, सर." मग कुणाला तरी भाव सांगितला, आणि मला म्हणाला, "पहाड़ कैसा है हमारा?"

मी म्हटलं, पूरा हो गया. सिर्फ पट्टियाँ बाकी हैं.

"बत्ती जलाई?"

"जलाई."

"सुबह देखिएगा, सर, अँधेरे-अँधेरे. दिन में पता नहीं चलता."

तो पुढे काही बोलला असता, पण कुणीतरी गिऱ्हाईक आलं.

२९ जून

पट्ट्या कोरल्या. पितळ, अक्षरं दोन मिलिमीटर, वर इंग्रजी, खाली अरबी. लुईस, ग्रेगरी, टिंडॉल, डार्विन, हाइम, फोरेल, क्राफ, सेझार, जोसेफ. सेझार आणि जोसेफला आडनावं द्यावीत का ह्यावर दोन दिवस घालवले. नकाशात नाहीत. दिली नाहीत.

समोरच्या कडेला मोठी पट्टी: गोपीनाथ द. मेस्त्री, शारजा, २००९.

६ जुलै

सकाळी लवकर गेलो, उजाडायच्या आधी. दिवे लावून बघितलं. लियाकत म्हणत होता ते बरोबर आहे.

पितळ थोडं उरलं होतं. आणखी एक पट्टी कोरली आणि जोसेफच्या खाली नखाएवढ्या बर्फापाशी बसवली. लियाकत. अक्षरं दोन मिलिमीटर, बाकीच्यांइतकीच. खाली अरबीत. उर्दू वाचणाऱ्यालाही कळेल.

नकाशात नाही. नोंद करून ठेवतो: नकाशात नाही.

१६ ऑगस्ट

गिऱ्हाईक आहे, अशी पहिली बातमी. दुबईच्या डेरा भागातल्या एका गुजराती व्यापाऱ्यामार्फत. नैरोबीच्या बाई आहेत, जहांआरा म्हणून, खोजा घराण्यातल्या. त्यांची केनिया पर्वताच्या पायथ्याशी हॉटेलं आहेत. त्यांना फोटो दाखवले गेले आणि त्यांनी विचारलं की हे कुणी केलं. पुढच्या महिन्यात ईदनंतर दुबईत येणार आहेत.

सुलक्षणाला फोन केला. ती म्हणाली, "शर्वाणीला आत्ता सांगत नाही. ठरलं की सांगते." मागे शर्वाणीचा आवाज आला, मराठीत. कुणाला तरी "चल गं, उशीर होतोय" म्हणत होती. आधी मला वाटलं, सुलक्षणाची भाची असेल.

२७ सप्टेंबर

जहांआराबाई आल्या. सत्तरीच्या असतील, कॅनव्हासचे बूट, काठी. बरोबर ड्रायव्हर, त्याला बाहेर थांबवलं. हिंदी बोलतात, मधून कच्छी, मधून इंग्रजी.

मी दिवे लावले. त्या मॉडेलभोवती एकदा फिरल्या. मग परत सुरुवातीला आल्या आणि खुर्ची मागितली.

"इधर से," त्यांनी काठीने हवेतच दाखवलं, "इधर से मेरे पापा मुझे ले गए थे. नौ साल की थी. यहाँ मैंने उलटी की थी. लिख लो, वो भी पट्टी पे."

मी हसलो नसेन, कारण त्यांनी विचारलं, "हमेशा ऐसे ही रहते हो, या तबीयत ठीक नहीं?"

ग्रेगरीपाशी त्या थांबल्या. "ये तो अब बचा ही कहाँ है. दो-चार साल और. नाम रह जाएगा, पत्थर पे." मी सांगितलं की मॉडेल साठच्या दशकातल्या सर्वेक्षणाप्रमाणे आहे, कडेला सर्वेक्षणाचं साल लिहिलंय. त्या म्हणाल्या, बरोबर, बरोबर, असाच होता तो. असाच हवाय मला. हॉटेलच्या लॉबीत, येणाऱ्याने बघावं की कसा होता.

झाडं नाहीत हे त्यांनी स्वतःहून म्हटलं. "दूसरा कोई होता तो पाइन लगा देता."

खोर फक्कान बंदरातून मोम्बासाला कंटेनर जाईल, पेटी मी बनवायची, बाकी खर्च त्यांचा. समोरची माझी पट्टी वाचली, आणखी मोठी करा म्हणाल्या. सगळं ठरत आलं होतं. मग त्यांनी चष्मा बदलला, वाकल्या आणि एकेक नाव वाचत गेल्या. जोसेफच्या खाली त्यांचं बोट थांबलं.

"लियाकत? ये कौन है? पहाड़ पे तो कोई लियाकत नहीं है."

"नहीं है," मी म्हटलं.

"गलती से लग गया?"

"नहीं."

मी सांगितलं की बर्फ ज्याने ओतला तो. कुठे असतो विचारलं, मी म्हटलं सहारनपूर.

"भाईसाब, बहुत अच्छी बात है. लेकिन मेरे गाइड लोग वहीं पैदा हुए हैं, वो पहले दिन देखेंगे और हँसेंगे. और जो साइंटिस्ट लोग आते हैं, वो एक गलत नाम देखेंगे तो कहेंगे सब गलत है." हेच मी लियाकतला सांगितलं होतं, जवळजवळ ह्याच शब्दांत. "आप इसको सामने ले आओ. आपके नाम के बाजू में, जितना बड़ा चाहो. पहाड़ से निकाल दो, बस."

मी म्हटलं, ती पट्टी काढली तर खालचा बर्फ निघून येईल, रेझिनमध्ये धरलीय.

तसं नाहीये. कापसावर दोन थेंब एसीटोन, पाच मिनिटांचं काम आहे.

त्या म्हणाल्या, सोच लो. आठवडाभर आहेत इथे.

२९ सप्टेंबर

सुलक्षणाला सगळं सांगितलं.

"मग काढा ना," ती म्हणाली. "समोर लावतायत त्या, अजून काय पाहिजे? तुमच्या नावाशेजारी."

"समोर तो नव्हता."

"म्हणजे?"

मी म्हटलं, तो बर्फापाशी होता. ती म्हणाली, "अहो, लियाकतला माहीत तरी आहे का, त्याची पट्टी लावलीय ते?"

"नाही."

"सांगितलं नाहीत?"

"फोन झाला नाही."

"आणि फोटो?"

फोटो पाठवायचा राहून गेला आहे. त्याच्याकडे फोटो येईल असा मोबाइल नाही, पोस्टाने पाठवावा लागेल.

सुलक्षणा म्हणाली, "शर्वाणीला मी सांगितलं होतं. घाई केली मी. तिने इथल्या मैत्रिणींना सांगूनसुद्धा टाकलंय, की ती चाललीय." मग म्हणाली, "ठेवते. कुकर लागलाय." कुकरचा आवाज येत नव्हता.

२ ऑक्टोबर, शुक्रवार

सकाळी वर्कशॉपला. कापूस आणि एसीटोनची बाटली बाहेर काढली, बाटलीत पुरेसं आहे. दिवे लावले. उजाडेपर्यंत बसलो. नंतर बाटली परत भिंतीपाशी तिच्या जागेवर ठेवली आणि फोटो काढला, जवळून, पट्टी आणि बर्फ दोन्ही येतील असा. दुपारी रोला भागातल्या स्टुडिओतून कागदावर काढून घेतला. लियाकतचा पत्ता फाइलमध्ये होता. पाकिटावर त्याचं नाव एकदाच लिहिलं.

४ ऑक्टोबर

वर्कशॉप महिनाअखेर रिकामं करायचं आहे. मॉडेल दारातून बाहेर काढायला चार माणसं लागतील. ठेवायचं कुठे ते बघतोय.

पट्टी काढत नाही, असं जहांआराबाईंना फोनवर कळवलं. त्यांनी कारण विचारलं नाही. जो आकडा गेल्या रविवारी सांगितला होता तोच पुन्हा सांगितला, मला ऐकू आला नसेल म्हणून बहुधा. केनिया पर्वत, प्रमाण एकास दोन हजार, आहे तसा, फक्त एक पट्टी काढून. एक लाख दहा हजार दिरहम. आजच्या भावाने चौदा लाख रुपये.